आवतणाच्या वेशातला तगादा
मोबाइलवरील खेळांच्या ‘सूचना’ : एका नव्या गद्यप्रकाराची चिकित्सा

१

तीन वर्षांपूर्वीच्या खरिपातली गोष्ट. आमच्याकडे घाटावर सोयाबीन शेंगेला आले होते आणि पाऊस उघडीप द्यायला तयार नव्हता. थोरल्या भावाच्या वावरात गुडघ्याला पाणी लागले. पीकविम्याच्या तेव्हाच्या नियमाप्रमाणे नुकसानीची खबर बहात्तर तासांच्या आत द्यायची होती. पुतण्याने ती फोनवरून दिली. पुढे पाहणीसाठी माणूस येणार होता आणि येण्याआधी तो फोन करणार होता. त्याने फोन केला. एकदा नव्हे, तीनदा केला. घरातल्या कोणाला तो ऐकू आला नाही. वावराची वाट विचारायला माणूस सापडला नाही, म्हणून तो पुढच्या गावाला निघून गेला. नंतर किती खेटे घातले, ते इथे सांगत नाही.

फोन हरवला नव्हता, बिघडलाही नव्हता. तो कोनाड्यात होता आणि गप्प होता. आदल्या रात्री भावाने त्याचा आवाज मुळापासून बंद केला होता. नातवाने त्यात दोन-तीन खेळ उतरवून घेतले होते आणि ते खेळ रात्री-अपरात्री टुणटुण वाजत. घरात आजारी माणूस होते. कोणती कळ दाबली म्हणजे नेमका कोणता आवाज थांबतो, हे भावाला माहीत नव्हते. त्याने सगळेच बंद केले. मी विचारले तेव्हा तो म्हणाला, “मी त खेळाचं तोंड बंद केलं होतं रे भाऊ, साहेबाचं नाही.”

या एका वाक्याने मला कामाला लावले. गेली पंचवीस-तीस वर्षे मी बुलडाणा जिल्ह्यातल्या गावांतून शब्द, म्हणी आणि बोलण्याच्या रीती गोळा करत हिंडतो. विद्यापीठाची पायरी मी चढलो नाही. जे शिकलो ते वह्यांतून, वाचनालयांतून आणि माणसांकडून. खेळांच्या या टुणटुणीकडे तोवर मी पोरांची कटकट म्हणूनच पाहत होतो. पण भावाच्या बोलण्यात एक भेद होता. बोलावणारे दोन, तोंडे दोन, आणि गप्प करायची कळ मात्र त्याच्या हाती एकच. हा भेद भाषेचा आहे असे मला वाटले. मग मी नातवाच्या मागे बसून ते संदेश वाचू लागलो, वहीत उतरवू लागलो. दोन ओळींचे का असेना, ते लेखन आहे. त्याला एक लेखक आहे (तो दिसत नाही), एक वाचक आहे (तो बहुधा दहा-बारा वर्षांचा असतो) आणि एक हेतू आहे. आज मराठी घरांत सर्वाधिक वेळा वाचले जाणारे गद्य कदाचित हेच असेल. त्याची समीक्षा कोणी करत नाही, म्हणून हा प्रयत्न.

२

सुरुवात नावापासून करू. फोनची भाषा मराठी केली की ‘नोटिफिकेशन’ला ‘सूचना’ असा शब्द दिसतो. भाषांतर चुकीचे म्हणता येणार नाही, पण ते भलतेच उदार आहे. मराठीत सूचना कोण करतो? मुख्याध्यापक करतात, तहसील कार्यालय करते, सभेत सभासद करतो. सूचनाफलकावर लागते ती सूचना. सूचनेमागे अधिकार असतो, निदान जबाबदारी असते. ती ऐकली नाही तर नुकसान आपले, असे आपण लहानपणापासून शिकलो. आता त्याच शब्दाखाली ‘तुझी नाणी वाट पाहत आहेत’ अशा अर्थाची ओळ येऊन बसते. बँकेचा संदेश, शाळेचा निरोप, विजेचा इशारा आणि फुकटच्या नाण्यांचे आमिष हे सगळे एकाच नावाने, एकाच रांगेत, एकसारख्या चौकटीत. साहित्यप्रकारांची अशी सरमिसळ एखाद्या संपादकाने अंकात केली असती, तर आपण त्याला धारेवर धरले असते.

मराठीत या कामासाठी शब्दांची वाण नाही. माझ्या वह्यांत ते वेगवेगळ्या पानांवर होते, ते आता शेजारी मांडून पाहतो.

एक, वर्दी. काही घडले आहे आणि ते तुम्हाला कळले पाहिजे. चोरी झाली, पूर आला, पाहुणे वेशीपाशी पोचले, तर वर्दी देतात. वर्दी देणाऱ्याचा त्यात लाभ असेलच असे नाही.

दोन, निरोप किंवा सांगावा. एका माणसाचे दुसऱ्या माणसाला काही सांगणे, तिसऱ्याच्या तोंडून. यात दोन्ही टोकांना नाव असते.

तीन, आवतण. जेवायला या, कार्याला या. आवतणाचीही रीत ठरलेली. सकाळी आवतण, पान मांडले की बोलावणे. अख्ख्या घराला असेल तर चूलबंद आवतण. एकदा ‘जमणार नाही’ म्हटले की कोणी दर तासाला दारात येऊन उभे राहत नाही.

चार, दवंडी. साऱ्या गावासाठी, चौकाचौकात, एकदाच.

आणि पाच, तगादा. देणेकऱ्याच्या मागे लागणे. तगाद्यात नवे काहीच सांगायचे नसते. तीच गोष्ट पुन्हा सांगायची असते, आणि ऐकणाऱ्याला आपण कोणाचे तरी काही लागतो, हे विसरू द्यायचे नसते.

खेळांच्या सूचना यांपैकी कशात बसतात? वरवर पाहता ते आवतण आहे. या, खेळा, बक्षीस घ्या. आतून तो तगादा आहे. या लेखाचे प्रतिपादन एवढेच. बाकीचा लेख म्हणजे त्याचा पुरावा आणि त्यावरचे आक्षेप.

३

पण तगाद्याला आधी कर्ज लागते. खेळणाऱ्या पोराने कोणाकडून काय घेतले? हा आक्षेप मला स्वतःलाच प्रथम सुचला आणि त्याचे उत्तर शोधताना मी थेट शेतीत जाऊन पोचलो.

जून २००९ मध्ये दोन गोष्टी पाठोपाठ घडल्या. ॲपलने आयफोनसाठी अशी सोय सुरू केली की ॲप बंद असतानाही त्याचा संदेश पडद्यावर यावा. आणि फेसबुकवर ‘फार्मव्हिल’ नावाचा खेळ आला. फार्मव्हिलमध्ये आपल्या नावाचे एक शेत मिळे. त्यात पेरायचे, वाट पाहायची, पीक काढायचे. प्रत्येक पिकाला ठरावीक तास. वेळेत येऊन काढले नाही तर पीक सुकून जाई. जगभरातल्या कोट्यवधी माणसांनी, ज्यांतल्या बहुतेकांनी कधी वखर धरले नव्हते, कचेरीत बसून ही शेती केली आणि पीक वाळेल म्हणून रात्री उठून ते काढले. हा खेळ मूळ रूपात ३१ डिसेंबर २०२० रोजी बंद झाला. त्याने घालून दिलेली रीत मात्र आज बहुतेक खेळांत आहे.

ती रीत अशी. खेळ आधी तुम्हाला काहीतरी फुकट देतो, एक शेत, एक किल्ला, एक जनावर. तुम्ही त्यावर वेळ घालता. घातलेला वेळ हीच तुमची ठेव. मग खेळ सांगतो की आता आला नाहीस तर ती ठेव बुडेल. म्हणजे कर्ज तुम्ही घेतलेले नसते. तुमचीच ठेव गहाण ठेवून तिचे व्याज तुमच्याकडून मागितले जाते. सावकारीचा हा प्रकार आमच्या जिल्ह्याला नवा नाही. नवे आहे ते एवढेच, की इथे शेत खोटे आहे आणि तगादा खरा.

दुसरा नमुना २०१२ सालचा, ‘कँडी क्रश’. यात पाच ‘जीव’ मिळतात. हरलात की एक जातो आणि गेलेला जीव अर्ध्या तासाने परत येतो. पाचही गेले की खेळ थांबतो. थांबवतो तो खेळच, खेळणारा नव्हे. आणि जीव भरले की खेळच कळवतो, ये. म्हणजे उठण्याची वेळ त्याची, परतण्याची वेळही त्याचीच. अर्ध्यावर तुटलेले काम मनात जास्त टोचत राहते, हे निरीक्षण ब्लूमा झायगार्निक या मानसशास्त्रज्ञ बाईंनी १९२७ साली मांडले. आमच्या आजीला ते नाव न घेता माहीत होते. अर्धे दळण जात्यात ठेवून तिला झोप येत नसे. फरक असा, की जाते तिला रात्री हाक मारून बोलवत नव्हते.

तिसरी रीत नात्याची. ‘तुझ्या मित्राने तुला मागे टाकले’, ‘तुझ्या गावावर हल्ला झाला’, ‘तुझा सोबती तुझी आठवण काढतो आहे’ या अर्थाच्या ओळी. व्याकरणाच्या दृष्टीने हा निरोप आहे, कारण बोलणारा कोणीतरी माणूस भासवला आहे. पण पुष्कळदा त्या निरोपामागे माणूस नसतो. खेळ बंद करून गेलेल्याला किती वेळाने कोणती ओळ दाखवायची, हे आधीच लिहून ठेवलेले असते. काही ओळी खेळ फोनमध्येच गजरासारख्या लावून जातो. म्हणून नेट बंद असले तरी त्या वाजतात. आमच्या गावात पुष्कळांना याचे आश्चर्य वाटते. “डाटा त संपला, मंग हे बोलते कसं?” बोलते ते असे. निरोप्या येऊन गेलेला नसतो, तो घरातच लपवून ठेवलेला असतो.

ठेव बुडण्याची भीती, तोडलेला डाव आणि खोटा निरोप या तीन गोष्टी एकत्र केल्या की या गद्याची रचना कळते. त्यात विशेषणे फार, क्रियापदे आज्ञार्थी, काळ नेहमी ‘आत्ता’, आणि संबोधन एकेरी. पोराला तो एकेरीपणा जवळिकीचा वाटतो. माझ्या भावासारख्या साठी ओलांडलेल्या माणसाला, ज्याला गावात नावाने हाक मारणारे आता चार-दोनच उरले आहेत, तोच एकेरीपणा अपमानासारखा लागतो. पण फोन एक आहे आणि लेखकाला वाचक कोण, हे माहीत नाही.

४

या टप्प्यावर गावाकडच्या जुन्या हाकांची आठवण होणे साहजिक आहे. ती काढतो, पण जपून.

आमच्या जिल्ह्यात जळगाव जामोद तालुक्यात भेंडवळ आहे. तिथे अक्षय्य तृतीयेच्या संध्याकाळी वावरात घट मांडतात, भोवती अठरा प्रकारचे धान्य ठेवतात आणि दुसऱ्या दिवशी सूर्योदयापूर्वी त्यावरून पावसापाण्याचे नि पिकाचे भाकीत सांगतात. वाघ घराण्याकडे ही परंपरा आहे. भाकितावर माझा विश्वास नाही, आणि अंधश्रद्धा निर्मूलनवाल्यांचे आक्षेप मला मान्य आहेत. तरी त्या प्रथेच्या एका अंगाकडे मी आदराने पाहतो. भाकीत वर्षातून एकदाच होते, त्यासाठी लोक स्वतः चालत जातात, आणि ज्याला ऐकायचे नाही त्याच्या उशाशी ते येऊन बसत नाही. वासुदेव पहाटे येतो, सुगीनंतर येतो, दान पडले की पुढच्या दाराला जातो. पिंगळा त्याच्याही आधी, अंधारात. प्रत्येक हाकेला एक ऋतू होता, एक प्रहर होता आणि एक निरोपाची घडी होती.

आणि मेहकरचे कवी ना. घ. देशपांडे. त्यांच्या ‘शीळ’ या कवितेला जी. एन. जोशींनी गायलेल्या ध्वनिमुद्रिकेने घरोघरी पोचवले. पुढे १९५४ साली त्याच नावाने संग्रह आला, आणि ‘खूणगाठी’ला साहित्य अकादमीचा पुरस्कार १९८६ साली मिळाला. शीळ ही मला नेहमी हाकेची सर्वांत शुद्ध जात वाटत आली आहे. तिच्यात शब्द नाही, मागणी नाही. ज्याला ओळखायची त्याला ओळखू येते, इतरांच्या कानावरून ती वाऱ्यासारखी जाते. आमच्याच तालुक्यातून आलेली ही प्रतिमा फोनच्या टुणटुणीशेजारी ठेवून पाहावी. टुणटुण सर्वांना ऐकू येते आणि कोणासाठीच नसते.

पण इथे थांबलो तर हा लेख गतकाळाचे गोडवे गाणारा होईल. दवंडी देणारा माणूस कोण होता? डफ गळ्यात अडकवून, उन्हात, पायांनी, ठरावीक जातीच्या माणसाला ते काम करावे लागे आणि नाही म्हणायची सोय नव्हती. सावकाराचा माणूस दारात बसे तेव्हा त्याला उठवायची हिंमत कुळात नव्हती. तेव्हाच्या हाकांना मर्यादा होती हे खरे, पण ती मर्यादा कोणी पाळायची आणि कोणासाठी, हे गावाच्या उतरंडीत ठरलेले होते. म्हणून ‘पूर्वी बरे होते’ हे माझे म्हणणे नाही. माझे म्हणणे असे, की हाकेला मर्यादा असते ही गोष्ट आपल्या भाषेला ठाऊक होती. ती मर्यादा आता उतरंडीच्या नव्हे, नियमाच्या आणि समजुतीच्या आधाराने पुन्हा आखावी लागेल.

नियम आखता येतो, याला तगाद्याच्याच क्षेत्रातला दाखला आहे. जुन्या मुंबई राज्याच्या १९४६ सालच्या सावकारी कायद्यात, देणेकऱ्याच्या मागे मागे फिरणे किंवा त्याच्या घराभोवती घुटमळणे हा गुन्हा धरला होता. अगदी अलीकडे, १२ ऑगस्ट २०२२ रोजी, रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढले की थकलेल्या कर्जाच्या वसुलीसाठी सकाळी आठच्या आधी आणि संध्याकाळी सातनंतर फोन करू नये. ज्याने खरोखर पैसे घेतले आहेत, त्यालाही सातनंतर शांतता मिळण्याचा हक्क आहे. ज्याने काहीच घेतलेले नाही त्या पोराला मात्र नाही.

५

त्या परिपत्रकानंतर तीनच दिवसांनी, १५ ऑगस्ट २०२२ पासून, सांगली जिल्ह्यातल्या कडेगाव तालुक्यात मोहित्यांचे वडगाव या गावाने एक गोष्ट सुरू केली. संध्याकाळी सात वाजता मंदिरावरचा भोंगा वाजतो. घरोघरी दूरचित्रवाणी संच आणि मोबाइल बंद होतात. साडेआठला दुसरा भोंगा होईपर्यंत पोरांनी अभ्यास करायचा, मोठ्यांनी वाचायचे, बोलायचे. करोनाच्या काळात शाळा फोनवर आली, पोरांच्या हाती फोन आला आणि शाळा उघडल्यावर तो हातातून सुटेना, ही यामागची अडचण. निर्णय वरून आला नाही, गावाने ग्रामसभेत घेतला. रिझर्व्ह बँकेचे सात आणि वडगावचे सात यांचा एकमेकांशी काही संबंध नाही, पण दोघांनीही एकच घडी निवडली. दिवेलागणीनंतर घर घराचे असते, ही समज त्यामागे असावी.

त्याच वर्षी नोव्हेंबरात आपल्या विदर्भातल्या यवतमाळ जिल्ह्यात, पुसद तालुक्यातल्या बान्सी गावाच्या ग्रामसभेने अठरा वर्षांखालच्या मुलांना मोबाइल वापरायला बंदी करणारा ठराव केला.

या दोन उपायांत मी पहिल्याच्या बाजूचा आहे. बंदी पोराला दोषी धरते. भोंगा कोणालाच दोषी धरत नाही, तो सर्वांना एकाच वेळी उठवतो, बापालाही. आणि त्यात एक गंमत आहे. शंभर बारीक घंटा गप्प करायला एक मोठा भोंगा लागला. दवंडी परत आली, पण ती आता गावाने स्वतःच स्वतःला दिलेली आहे. तरीही त्याला एक मर्यादा आहे. भोंगा वेळ वाचवतो, फरक शिकवत नाही. साडेआठनंतर विजेचा इशारा आणि नाण्यांचे आमिष पुन्हा एकाच रांगेत उभे राहतात. माझ्या भावाचे नुकसान भोंग्याने टळले नसते.

राज्यसंस्थेने काय केले? २ सप्टेंबर २०२० रोजी केंद्राने ‘पबजी’सह ११८ ॲपवर बंदी घातली. कारण दिले ते देशाच्या सुरक्षेचे, पोरांच्या झोपेचे नव्हे. २०२५च्या ऑगस्टमध्ये संसदेने ऑनलाइन खेळांबाबतचा कायदा केला, त्याला २२ ऑगस्टला राष्ट्रपतींची संमती मिळाली. पैसे लावून खेळायचे खेळ आणि त्यांच्या जाहिराती यांना त्याने मनाई केली. हे चांगलेच झाले. रमीच्या जाहिरातींनी ग्रामीण भागात काय केले, ते आम्ही पाहिले आहे. पण बिनपैशाचे खेळ त्या मनाईत येत नाहीत, येऊही नयेत. लुडो, शेत, मिठाई या खेळांच्या टुणटुणीला कायदा हात लावत नाही. नको असलेल्या जाहिरातींचे फोन आणि एसएमएस थांबवायला १९०९ हा क्रमांक आहे. तोही इथे कामाचा नाही, कारण ॲपची सूचना दूरसंचाराच्या त्या वाटेने येतच नाही.

याच २०२५च्या जुलैत राज्याचे तेव्हाचे कृषिमंत्री विधान परिषदेत बसून मोबाइलवर पत्त्यांचा खेळ खेळत असल्याचा आरोप एका चित्रफितीवरून झाला. आपण खेळत नव्हतो, पडद्यावर आलेला खेळ बाजूला सारत होतो, असे त्यांचे म्हणणे होते. खरे काय ते मी ठरवत नाही. समीक्षक म्हणून मला त्या बचावाचे महत्त्व वाटते. ‘तो खेळ आपणहून समोर आला’ हे वाक्य राज्याच्या सभागृहासंदर्भात उच्चारता येते आणि ऐकणाऱ्याला ते अशक्य वाटत नाही, इतकी ही घुसखोरी आपण सामान्य मानली आहे.

६

आता गप्प करण्याच्या कळांकडे वळतो, कारण खरी लढाई तिथे आहे.

२०१७ साली आलेल्या अँड्रॉइडच्या आठव्या आवृत्तीने एक मोलाची गोष्ट केली. प्रत्येक ॲपने आपल्या सूचनांचे वर्ग पाडावेत, आणि वापरणाऱ्याने हवा तो वर्ग बंद करावा. आलेल्या सूचनेवर बोट दाबून धरले की ही दारे उघडतात. ‘डाव सुरू झाला’ ठेवायचे आणि ‘सवलती’ काढायच्या, असे करता येते. साहित्याच्या भाषेत सांगायचे तर वर्दी, निरोप आणि तगादा वेगळे करण्याची सोय यंत्राने दिली. अडचण अशी, की वर्ग पाडायचे काम लेखकाकडेच सोपवलेले आहे. ज्याला तगादा लावायचा आहे त्याने आपल्या संदेशाला ‘तगादा’ हे नाव देणे अपेक्षित आहे. तो कशाला देईल? तो सगळे एकाच ‘सर्वसाधारण’ वर्गात टाकतो.

२०२२च्या तेराव्या आवृत्तीपासून ॲपला सूचना पाठवण्याआधी परवानगी विचारावी लागते. दोनदा नाही म्हटले की पुन्हा तो प्रश्न पडद्यावर येत नाही. आवतणाची जुनी रीत इथे यंत्राने पाळली आहे. पण काही खेळ खऱ्या प्रश्नाआधी स्वतःची गोडगोड चौकट दाखवतात आणि ‘हो’ वदवून घेतात. शिवाय आमच्याकडचे पुष्कळ फोन त्याहून जुने, कोणाचे तरी उतरलेले. त्यांत हा प्रश्न विचारलाच जात नाही.

आणि शेवटी भाषा. आवाज थांबवण्याच्या सोयीला मराठीत ‘व्यत्यय आणू नका’ असे नाव आहे. हे वाक्य कोण कोणाला म्हणते? वाचनालयाच्या भिंतीवरच्या पाटीसारखे ते ऐकणाऱ्यालाच दटावते. माझ्या भावाने ते वाचले होते. “म्या कुठं आणला व्यत्यय?” असे म्हणून त्याने ती कळ सोडून दिली आणि सरळ आवाजाची कळ खाली दाबली. तिथे ‘घराला शांत ठेवा’ असे साधे काही असते, किंवा आत ‘फक्त माणसांचे फोन येऊ द्या’ असा पर्याय पहिल्याच पानावर सापडला असता, तर पाहणीला आलेल्या माणसाचा फोन वाजला असता. त्या सोयीत निवडक फोन येऊ देण्याची तजवीज आहे. ती होती, भावापर्यंत पोचली नाही. भाषांतर ही किती व्यवहाराची गोष्ट आहे, हे मला त्या दिवशी कळले. एका शब्दाच्या चुकीने कवितेची चव जाते एवढेच आपण जाणतो. त्याने वावराची पाहणीही हुकते.

७

माझ्या प्रतिपादनावर सर्वांत रास्त आक्षेप नातवाचा आहे. मी त्याला माझी वही वाचून दाखवली. तो म्हणाला, “आबा, पण मले गंमत वाटते ना. दोस्त खेळाले बोलावते, ते पण तगादाच काय?” नाही. दोस्ताने डाव मांडून बोलावले तर ते आवतण आहे, आणि संध्याकाळी पोराला खेळायला हाक आली तर ती अडवणारे आजोबा पूर्वीही कोणाला आवडत नसत. माझा राग खेळावर नाही. विटीदांडूतही मागच्या दिवसाचे राज्य उद्यावर ठेवले जाई आणि ते पोराला रात्रभर आठवे. फक्त ती विटी उशाशी येऊन टुणटुणत नसे. आणि ज्या पोराचे खेळण्यावरचे नियंत्रणच सुटले आहे त्याची गोष्ट वेगळी. जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांच्या वर्गीकरणात १ जानेवारी २०२२ पासून ती स्वतंत्र नोंद आहे, आणि तिथे आजोबाची वही नव्हे, डॉक्टर लागतो.

त्या आक्षेपानंतर आम्ही दोघे एका संध्याकाळी भावाच्या फोनसमोर बसलो. एकेक ॲप उघडायचे आणि नातवाने सांगायचे, यात काय काय येते. मी विचारायचो, ही वर्दी, की निरोप, की आवतण, की तगादा? विजेचा इशारा देणारे पुण्याच्या हवामानविज्ञान संस्थेचे ‘दामिनी’ ॲप वर्दीत गेले, त्याचा आवाज मोठा ठेवला. बँक वर्दीत. शाळेचा गट निरोपात. दोस्ताचा लुडोचा डाव आवतणात, आवाज नाही, नुसती ओळ दिसू द्यायची. नाणी, जीव, बक्षिसे, वाळणारे शेत ही सगळी तगाद्यात. ती बंद. एका खेळाने सगळे एकाच वर्गात कोंबले होते. नातू थोडा वेळ विचारात पडला, मग म्हणाला, “याचं पूर्णच बंद करू. हा खोटं बोलते.”

मला समीक्षेचे याहून मोठे फळ नको आहे. मजकूर वाचून, त्याची जात ओळखून, त्याला योग्य ती जागा देणे हेच तर आपण कवितेच्या, कादंबरीच्या बाबतीत करत आलो. ते काम आता दहा-बारा वर्षांच्या पोराला रोज, दिवसातून अनेकदा करावे लागते आणि त्याला ते कोणी शिकवलेले नसते. शाळेच्या मराठीच्या तासाला पत्रलेखन आहे, सारांशलेखन आहे, जाहिरातलेखनही आहे. आलेल्या सूचनेची जात ओळखण्याचा एक धडा तिथे असायला हरकत नाही. ज्यांनी फोनची मराठी घडवली त्यांनीही ‘सूचना’ या एका पोत्यात भरलेले हे धान्य पुन्हा पाखडून पाहावे. पाखडायला सूप आपल्याकडे आहे. वर्दी, निरोप, आवतण, दवंडी, तगादा हे शब्द अजून वापरातून गेलेले नाहीत.

भावाचा फोन आता कोनाड्यात नसतो, खुंटीला अडकवलेल्या पिशवीत असतो. परवा दुपारी आम्ही बांधावर बसलो होतो आणि तो वाजला. भावाने माझ्याकडे पाहिले, मी नातवाकडे. नातू न पाहताच म्हणाला, “वर्दी आहे, उठा.” पश्चिमेला आभाळ काळे झाले होते. आम्ही झाडाखालून उठून घराकडे निघालो.